एकही खाडा नाही

१

कानाच्या तपासणीत मुळात तीनच वाक्यं असतात. "आवाज ऐकू आला की बटण दाबा. अगदी बारीक आला तरी दाबा. अंदाजाने मात्र दाबू नका." ही तीन वाक्यं मी एकोणीस वर्षं म्हणत होते. दिवसाला दहा-बारा माणसं, आणि ऐकूच येत नाही म्हणून आलेल्यांना प्रत्येक वाक्य दोनदा.

रुग्णालयाचा दुसरा मजला, व्हरांड्याच्या टोकाची शेवटची खोली. खोलीत काचेच्या खिडकीने जोडलेली आणखी एक लहान खोली, तिला आम्ही बूथ म्हणायचो. बूथला व्हरांड्यातून स्वतंत्र, चांगलं वीतभर जाड दार. ते लागलं की माणसाला स्वतःचं गिळणंसुद्धा ऐकू येतं. पेशंट आत खुर्चीवर, कानाला हेडफोन, हातात बटण. काचेच्या या बाजूला मशीन आणि मशीनपुढे मी. मी आवाज सोडायचा, त्याने बटण दाबायचं, माझ्याकडे दिवा लागायचा, मी तक्त्यावर खूण करायची. उजव्या कानाला लाल गोल, डाव्याला निळी फुली. माझा गोल कधी पुरा बंद होत नाही, वर थोडी फट राहते. शिकत असताना यावरून सर ओरडायचे. ती फट एकोणीस वर्षं तशीच राहिली, सर मात्र राहिले नाहीत.

मी हुशार होते. हे कोणी दुसरं सांगणार नाही, म्हणून मीच सांगते. नोकरीच्या तिसऱ्या वर्षी नवजात बाळांच्या ऐकण्यावर काम करायला मला बोलावलं होतं. दूरच्या शहरातून पत्र आलं होतं. त्या वर्षी लेक लहान होती. पुढच्या वर्षी सासूबाईंचं ऑपरेशन निघालं. त्याच्या पुढच्या वर्षी मी पत्र कुठे ठेवलंय तेच आठवेना. कोणी माझा हात धरून मला अडवलं असतं तर निदान त्याला चार शिव्या घालता आल्या असत्या. तसं कोणीच केलं नाही, याचाच मला जास्त राग आहे.

तर त्या बुधवारी मी रोजच्या वेळेला बसथांब्यावर उभी होते. बस आली. तिसऱ्या खिडकीची जागा रिकामी होती, रोज असते तशी. कोणीतरी माझ्यासाठी पुसून ठेवल्यासारखी ती जागा माझ्याकडे बघत होती. डोक्यात एकदम तिडीक गेली. मी चढले नाही. रस्ता ओलांडला आणि समोरून येणाऱ्या बसमध्ये पाटी न वाचता बसले.

शेवटच्या थांब्यावर एक तलाव होता. मी दिवसभर त्याच्या बांधावर बसून राहिले. अकरालाच डबा खाऊन टाकला. उन्हाने नाकाचा शेंडा भाजला. आधी फार सुटल्यासारखं वाटलं. दोन वाजेपर्यंत मात्र मी चांगलीच पेटले होते, कारण फोन एकदाही वाजला नव्हता. बाकांवर माणसं ताटकळत असणार, आणि बाई आली का नाही, जिवंत आहे का, एवढंही कोणाच्या मनात येऊ नये?

२

दुसऱ्या दिवशी मी ताप आल्याचं कारण तोंडपाठ करून गेले. दारापाशी स्टुलावर आमचे शिपाईकाका होते. त्यांनी किल्ली पुढे केली.

"काका, काल मी..."

"हो ना, बाई. पंखेवाला काल आलाच नाही. तुम्ही गेल्यावर पुन्हा फोन केला त्याला."

"मी गेल्यावर?"

"पाचाला नाही का गेलात? मला म्हणालात, काका, उद्या तरी बघा."

मी किल्ली घेतली. टेबलाच्या खणात अकरा तक्ते होते, आदल्या दिवशीच्या तारखेचे. प्रत्येकाच्या खाली माझी सही. मी एक तक्ता उजेडात धरला. लाल गोलांची माळ, आणि प्रत्येक गोलाला वर थोडी फट.

मी विज्ञान शिकलेली बाई आहे. खुर्चीत बसले आणि क्रमाने विचार केला. माझ्या जागी दुसऱ्या कोणी काम केलं असेल का? ते मशीन आमच्याकडे दुसऱ्या कोणाला येत नाही. कोणी थट्टा केली असेल का? अकरा जिवंत माणसांचे कान तपासून थट्टा करण्याएवढा उत्साह या इमारतीत कोणाला नाही. मग मीच आले होते का? पर्समधून तलावाच्या बसचं तिकीट काढून टेबलावर ठेवलं. नाकाला हात लावला. नाक हुळहुळत होतं.

मग मी मोठ्या डॉक्टरांच्या खोलीत गेले. ते फाइलमधून डोकं वर न काढता म्हणाले, "बोला."

"सर, काल मी आले होते का?"

"म्हणजे?"

"काल. कामावर. तुम्ही मला पाहिलंत?"

"अहो, जेवणाच्या सुट्टीत आपण इथेच तर बोललो."

"काय बोललो?"

आता त्यांनी वर पाहिलं. खरंच आठवायचा प्रयत्न केला बिचाऱ्यांनी. कपाळाला आठ्या पडल्या.

"नेहमीचंच," ते म्हणाले.

घाबरायचं सोडून मला एवढा राग आला की हातातलं पेन मी त्यांच्याच टेबलावर विसरून आले.

३

पुढच्या बुधवारी मी मुद्दाम पुन्हा गेले नाही. तलावावरच गेले. दहा वाजून पाच मिनिटांनी मोबाइलवरून माझ्याच खोलीतला फोन लावला.

एक रिंग झाली. दुसरी. हातातलं पेन खाली ठेवून मी नेहमी तिसऱ्या रिंगला उचलते.

तिसऱ्या रिंगला फोन उचलला गेला.

"कानतपासणी. बोला."

स्वतःचा आवाज यंत्रातून ऐकला की परका वाटतो, हा सगळ्यांचा अनुभव आहे आणि त्याचं कारण मला नीट समजावून सांगता येतं. हा आवाज परका वाटला नाही. बोलताना मला आतून जसा ऐकू येतो, अगदी तसाच तो मला पलीकडून ऐकू आला.

मी गप्प राहिले. मागे खुर्ची करकरली. माझी खुर्ची डावीकडे झुकलं की करकरते. पलीकडे कोणीतरी थांबलं होतं, पण वाट बघत नव्हतं. कसं सांगू? फोनवर समोरचा गप्प राहिला तर माणूस वैतागतो, हॅलो हॅलो करतो, निदान श्वास सोडतो. इथे काहीच नव्हतं. कोण असेल, का बोलत नसेल, याची जराही उत्सुकता त्या शांततेत नव्हती.

"बोला ना," आवाज म्हणाला. थोड्या वेळाने फोन ठेवला गेला, हलक्या हाताने.

"कोण आहे तिथे?" मी बंद फोनवर ओरडले. "माझ्या खुर्चीत कोण बसलंय?"

बांधावर गळ टाकून बसलेल्या माणसाने मागे वळून माझ्याकडे पाहिलं. त्याचे मासे मी पळवले होते. "बाई, सगळं ठीक आहे ना?" त्याने विचारलं. सात दिवसांत मला असं विचारणारा तो पहिला माणूस.

४

त्या संध्याकाळी मी नवऱ्याला सगळं सांगितलं. तो छापखान्यात आहे. औषधाच्या बाटल्यांवरची लेबलं तपासतो. एक अक्षर इकडचं तिकडे झालेलं त्याच्या नजरेतून सुटत नाही, म्हणून मला वाटलं हा तरी नीट ऐकेल. त्याने ऐकलं. पेपर घडी करून बाजूला ठेवला, चष्मा काढला.

"गेल्या बुधवारी तू किती वाजता आलीस?" त्याने विचारलं.

"रोजच्याच वेळी. साडेसहाला."

"सहाला आलीस."

"नाही."

"अगं, चहा केलास. बाल्कनीत जाऊन कपडे वाळत घातलेस. मग साडेसहाला पुन्हा बाहेरून आत आलीस. मला वाटलं, खाली काही आणायला गेली असशील."

स्वयंपाकघरात नळ थेंब थेंब गळत होता. पाठीमागे वळून बघायची मला भीती वाटली, म्हणून मी त्याच्याचकडे बघत राहिले.

"आणि तुला काही वेगळं जाणवलं नाही? इतक्या वर्षांच्या संसारात?"

त्याने चष्म्याची काच शर्टाला पुसली. बराच वेळ पुसली.

"जाणवलं," तो म्हणाला. "मी ओला टॉवेल पलंगावर टाकला होता. तू तो उचललास आणि काही बोलली नाहीस."

"मग?"

"मग काही नाही. बरं वाटलं."

त्याने ते अगदी साधेपणाने सांगितलं, मनात काही वाकडं न ठेवता. तो खोटं बोलला असता तर मला चाललं असतं. समोर किटली होती. ती मी त्याच्या डोक्यात घातली नाही, याचं मला अजूनही आश्चर्य वाटतं.

"तुला मी हवी आहे की ती?" मी विचारलं.

"काय हे भलतंच! तू दमली आहेस. चार दिवस रजा घे."

"रजा?" मी म्हटलं. "मी रजा घेतली तर कळणार कोणाला?"

त्याने पेपर पुन्हा उघडला, अगदी हळू, आवाज न करता.

५

मी आळशी बाई नाही आणि सहज हार मानणारीही नाही. पुढचे काही दिवस मी एकही खाडा न करता कामावर गेले. रोज वेगळ्या बसने, वेगळ्या रस्त्याने. केस कापून घेतले, पार मानेपर्यंत. शिपाईकाका म्हणाले, "पंखेवाला उद्या येतो म्हणालाय." केसांबद्दल अवाक्षर नाही.

शुक्रवारी बॉयलरवाले आजोबा आले. जन्मभर बॉयलरच्या खोलीत काम करून कान गेलेला हा म्हातारा दर सहा महिन्यांनी माझ्याकडे यायचा आणि दर वेळी माझं डोकं खायचा. आवाज आला नसला तरी बटण दाबायचा. ऐकू येत नाही हे त्याला मान्यच नव्हतं. त्याला मशीनवरचे दिवे पेटवायला आवडायचं.

"तुमची तारीख परवा होती ना?" मी कागद बघत मोठ्याने विचारलं. परवा म्हणजे बुधवार.

"परवा आलो होतो. पण तपासणी करून घेतली नाही."

"का?"

म्हातारा बाकावरून उठला, माझ्या टेबलापाशी आला आणि दोन्ही हात टेकून माझ्या तोंडाकडे निरखून बघायला लागला. बहिरी माणसं तोंडाकडे फार बघतात. आपण काय बोललो ते त्यांना तिथेच दिसतं.

"परवा काचेमागे होत्या त्या तुम्ही नव्हता," तो म्हणाला.

मला एकदम त्याच्या गळ्यात पडावंसं वाटलं. खरंच सांगते. भीती वगैरे मागाहून आली.

"कशावरून म्हणता?"

"मी मुद्दाम उगाचच्या उगाच बटण दाबत होतो. पंधरा वेळा दाबलं असेल. तुम्ही असता तर दार उघडून आत आला असता आणि माझी चंपी केली असती. त्या बाई काही बोललाच नाहीत. प्रत्येक वेळी खूण करत गेल्या. मी दाबलं की खूण, दाबलं की खूण. मान वर नाही, काही नाही." त्याने आवाज खाली आणला, म्हणजे त्याच्या हिशेबाने. व्हरांड्यातल्या सगळ्यांना ऐकू गेला असेल. "मी आयुष्यभर यंत्रांबरोबर होतो, बाई. यंत्रसुद्धा चुकीचं वापरलं तर कुरकुरतं. मला काही तिथे बसवेना. हेडफोन काढून ठेवला आणि घरी गेलो."

"त्यांचा चेहरा पाहिलात?"

म्हातारा विचारात पडला.

"तुमचाच असणार," तो शेवटी म्हणाला. "मला काही खटकलं नाही, म्हणजे तुमचाच असणार. पण पाहिल्याचं आठवत नाही."

त्या दिवशी त्याने एकदाही खोटं बटण दाबलं नाही. त्याचा तक्ता पहिल्यांदाच खरा आला. फार वाईट होता.

६

एवढं सगळं होऊनही मी कदाचित तिथेच चिकटून राहिले असते. माणूस कशालाही सरावतो आणि मी तर सरावण्यात पटाईत होते. आठवड्याला एक दिवस कोणी आपलं काम करतंय तर करू दे, असं म्हणण्यापर्यंत मी आले होते. पण त्या मंगळवारी संध्याकाळी मी घरात पाऊल टाकलं आणि लेकीने माझ्यापुढे एक कागद आपटला.

माझी लेक बावीस वर्षांची. पवनचक्क्यांच्या दुरुस्तीचं शिक्षण घ्यायला तिची निवड झाली होती. कमरेला दोर बांधून पंचवीस मजल्यांएवढ्या खांबावर चढायचं, वर वाऱ्यात लटकून काम करायचं. निवड झाल्याचं तिने सांगितलं तेव्हा मी आकाशपाताळ एक केलं होतं. हातपाय मोडून घेशील, दुसरा काही धंदा सुचला नाही का, असं सगळं बोलले होते. ती हसत होती. तिला माझी सवय आहे. बुधवारी सकाळी तिची बस होती.

"हे काय आहे?" मी कागद उचलला.

"मलाच विचारतेस? तूच दिलंस की मोठ्या डॉक्टरांना. त्यांचा मला फोन आला, उद्यापासून या म्हणून. अर्जाची ही प्रत परवा तूच माझ्या टेबलावर ठेवून गेलीस."

अर्ज माझ्या अक्षरात होता. माझ्या मुलीला कानतपासणी विभागात माझ्या हाताखाली सहायक म्हणून घ्यावं, ही विनंती. काम ओळखीचं आहे. जागा कायमची आहे. खाली माझी सही.

"मी हे लिहिलेलं नाही," मी म्हटलं.

"आई!" ती ओरडली. डोळे भरून आले होते, पण रडत नव्हती, संतापली होती. "परवा संध्याकाळी मी स्वयंपाकघरात येऊन तुला विचारलं. म्हटलं, तुला खरंच वाटतं मी जाऊ नये? तू भांडी विसळत होतीस. म्हणालीस, इथेच बरं आहे. मी म्हटलं, आई, मग भांड ना माझ्याशी. ओरड. परवापर्यंत तर घर डोक्यावर घेतलं होतंस. तू म्हणालीस, इथेच बरं आहे. मी म्हटलं, माझ्याकडे बघ तरी. तू पुन्हा तेच म्हणालीस. तोच सूर, तोच शब्द. मी घाबरले गं. मला वाटलं तुला काहीतरी झालंय. मी तुला सोडून जाऊ शकले नसते. बॅग रिकामी केली मी."

परवा रविवार असूनही संध्याकाळी सातपर्यंत मी दवाखान्यात होते. मशीनची वार्षिक तपासणी होती.

आजवर जे झालं ते माझ्या बाबतीत झालं होतं. माझी खुर्ची, माझा चहा, माझ्या नवऱ्याचा टॉवेल. ते मी माझ्या कर्माने गमावलं असेल. पण माझ्या पोरीला? माझ्या हाताने, माझ्या सहीने, तिला त्या वीतभर जाड दाराआड?

मी कागदाचे तुकडे केले. मग आतल्या खोलीत गेले, रिकामी बॅग पलंगावर टाकली आणि तिचे कपडे भरायला लागले. तोंडाचा पट्टा चालूच होता. जाडे मोजे कुठे आहेत, एक वस्तू जागेवर ठेवत नाहीस, वर गेल्यावर खाली बघायचं नाही, दोराची गाठ स्वतः तपासायची, दुसऱ्यावर विसंबायचं नाही, आणि खांबावरून पडलीस तर याद राख.

लेक दारात उभी राहून ऐकत होती. हळूहळू तिचा चेहरा निवळला.

"आलीस," ती म्हणाली.

७

लेक गेली आणि सुखरूप पोचली, हे आधीच सांगून टाकते, म्हणजे जीव टांगणीला लागायला नको. गेल्या महिन्यात ती पहिल्यांदा टोकापर्यंत चढली. वरून फोन करून मुकादमाबद्दल तासभर तक्रार केली. मीही ते घर सोडलं. एका फिरत्या गाडीबरोबर खेड्यापाड्यांत बाळांचे कान तपासत हिंडते. नवऱ्याने मला थांब म्हटलं नाही, शोधलंही नाही. त्याची काही गैरसोय झाली नसावी. राजीनामा मात्र मी दिलेला नाही. देऊन उपयोग नाही. तिथल्या हजेरीच्या रजिस्टरात माझी रोजची सही आहे.

लेक सुखरूप आहे, म्हणूनच त्या बुधवारी मी जे पाहिलं त्याचा मला काही केल्या अर्थ लागत नाही.

सकाळी मी तिला बसस्थानकावर सोडलं. बस साडेदहाला सुटणार होती. तिथून मी तशीच दवाखान्यात गेले, तो अर्ज रद्द करायला. पर्समधला कोट अंगावर चढवून दुसऱ्या मजल्यावर आले तेव्हा व्हरांड्यात पेशंट बसले होते आणि माझ्या खोलीच्या दारावरचा लाल दिवा लागलेला होता. तपासणी चालू असली की तो लागतो. दार आतून बंद होतं. मी धक्के मारले, हाका मारल्या. शिपाईकाका स्टुलावरून म्हणाले, "बाई, आत काम चालू आहे." मलाच म्हणाले.

मी बूथचं दार उघडलं आणि आत शिरले. खुर्ची रिकामी होती. दार माझ्यामागे आपोआप लागलं आणि बाहेरचं जग बंद झालं. माझा श्वास मलाच केवढा मोठा ऐकू येत होता.

काचेपलीकडे टेबलावरचा दिवा तेवढा चालू होता. त्याच्या उजेडात पांढऱ्या कोटाची बाही दिसत होती, कागद, लाल पेन धरलेला हात. आणि खाली वाकलेलं डोकं. केस लांब होते, अंबाडा घातलेला. मी कापायच्या आधी होते तसे.

मी काचेवर मूठ आपटली. काच दुहेरी आहे. आवाज पलीकडे जात नाही, हे माझ्याइतकं कोणाला माहीत असणार? तरी मी आपटत राहिले. "वर बघ! माझी मुलगी तुझ्या बापाची आहे का? वर बघ!"

डोकं वर झालं नाही.

खुर्चीवर बटण पडलेलं होतं. ते मी उचललं आणि दाबलं. पलीकडे दिवा लागला. हाताने कागदावर गोल काढला, वर थोडी फट ठेवून. मी पुन्हा दाबलं. पुन्हा गोल. मी आयुष्यात कोणावर ओरडले नाही तितकी ओरडत होते, अंगठा दुखेपर्यंत बटण दाबत होते, आणि माझ्या सगळ्या संतापाचे तिकडे एकापुढे एक गोल होत होते. चुकला नाही, थबकला नाही तो हात.

मग मला तिची खुर्ची नेहमीच्या जागी नाही असं दिसलं. थोडी डावीकडे सरकवलेली होती, दुसरी खुर्ची मावावी म्हणून.

दुसऱ्या खुर्चीवरही कोणीतरी होतं. दिव्याचा उजेड तिथवर नीट पोचत नव्हता. अंगाला मोठा होणारा नवा कोट. खांद्यावरून पुढे आलेली एक वेणी. टोकाला निळं रबर. तासाभरापूर्वी, बसच्या पायरीवर, ते रबर सुटलं होतं म्हणून मीच पुन्हा घट्ट बसवलं होतं.

माझा अंगठा बटणावर तसाच राहिला. दिवा लागलेलाच होता.

त्या दुसरीने मान वर केली. तिला अजून सवय नव्हती, एवढंच कारण असेल. तिने काचेतून सरळ माझ्याकडे पाहिलं. पेशंट नीट बसलाय का, हेडफोन लावलाय का, ते बघतात तसं. त्या नजरेत दुसरं काही नव्हतं. शेजारच्या हाताने कागद तिच्यापुढे सरकवला आणि लाल पेन दिलं. तिने ते घेतलं. मान खाली गेली.

मी बाहेर कशी आले ते आठवत नाही. व्हरांड्याच्या भिंतीला टेकून उभी होते. फोन वाजत होता.

"आई, बस कधीच सुटली," लेक ओरडून सांगत होती. पाठीमागे इंजिनाचा घरघराट होता, कोणाचं तरी पोर रडत होतं. "खिडकी उघडतच नाहीये. आणि शेजारचा माणूस माझ्या खांद्यावर झोपलाय. ऐकतेयस ना?"

"ऐकतेय."

"काय करू याचं?"

"कोपराने ढोस," मी म्हटलं. "चांगला जोरात."

ती हसली. रेंज गेली.

बाकावर बसलेल्या एका बाईने माझा कोट बघून मला हाक मारली. तिच्या मांडीवर फाइल होती. बराच वेळ बसली असावी, तरी तक्रारीचा सूर नव्हता.

"मॅडम," तिने हळूच विचारलं, "माझा नंबर कधीचा झालाय. आत कोणी आहे का?"

"आहेत," मी म्हटलं. "दोघी आहेत."

आणि तिच्या हातातली फाइल काढून घेऊन मी तिला दंडाला धरून जिन्याकडे ओढत नेलं.